मृगाच्या पावसानंतर दिसलेले हळदी रंगाचे बेडूक: नांदूरमध्यमेश्वर परिसरातील एक शंका

गोदाकाठचा शेतकरी (प्रश्नकर्ता)

नमस्कार मंडळी. निफाड तालुक्यात, नांदूरमध्यमेश्वर बंधाऱ्याच्या फुगवट्यापासून चालत दहा-पंधरा मिनिटांच्या अंतरावर माझी शेती आहे. शेताच्या पूर्वेकडच्या टोकाला, बांधाला लागून, पाच-सहा गुंठ्यांचा एक सखल तुकडा आहे. पूर्वी कधीतरी वीटभट्टीसाठी तेथील माती उचलली गेली आणि तेव्हापासून तो खड्डा तसाच राहिला आहे. पावसाळ्यात त्यात गुडघाभर पाणी साचते, दसऱ्याच्या सुमारास ते आटते आणि उन्हाळ्यात त्याच जागी हात जाईल एवढ्या भेगा पडतात. पीक म्हणून तेथे काहीच हाती लागत नाही.

यंदा मृग लागल्यानंतर तिसऱ्या रात्री जोराचा पाऊस झाला. रात्रभर त्या खड्ड्याकडून असा आवाज येत होता की घरातील कोणालाही धड झोप लागली नाही. पहाटे कंदील घेऊन गेलो, तर पाण्यात वीस-पंचवीस बेडूक होते आणि त्यांचा रंग ताज्या दळलेल्या हळदीसारखा पिवळाधमक होता. ओरडताना त्यांच्या गळ्याच्या दोन्ही बाजूंना गडद निळे फुगे येत होते. ते एकमेकांच्या अंगावर धावून जात होते, आणि मधूनमधून एखादा मोठा, मातकट रंगाचा बेडूक दिसला की त्याच्यामागे चार-पाच पिवळे बेडूक लागत होते. दुसऱ्या दिवशी त्यांची संख्या निम्म्यावर आली आणि तिसऱ्या दिवशी एकही पिवळा बेडूक दिसला नाही. माझे वय सत्तेचाळीस आहे, जन्म याच गावातला आहे, आणि तरीही हा प्रकार मी इतक्या जवळून प्रथमच पाहिला.

माझ्या शंका अशा आहेत. हे बेडूक कोणते? गावातील काही जणांचे म्हणणे आहे की एवढा भडक रंग विषारी प्राण्याचाच असतो. आमच्या गाई त्याच खड्ड्यावर पाणी पितात आणि मुलेही तेथे खेळतात, म्हणून विचारतो. दुसरे असे, की हाकेच्या अंतरावर बारमाही पाणी असताना हे बेडूक त्या फुगवट्यात न जाता माझ्या खड्ड्यातच का जमले? तिसरी गोष्ट व्यवहाराची आहे. हा तुकडा मुरूम आणि गाळाची माती टाकून भरून घ्यावा व द्राक्षबाग तेवढी पुढे सरकवावी, असे मी ठरवले होते आणि जेसीबीवाल्याशी बोलणेही झाले होते. आता मन थोडे अडखळले आहे. जाणकारांनी कृपया सविस्तर सांगावे.

पाणथळ निरीक्षक, नाशिक

आपण केलेले वर्णन इतके नेमके आहे की छायाचित्राची गरजच राहिलेली नाही. हा इंडियन बुलफ्रॉग आहे. काही मराठी लेखांत त्याला बैलबेडूक असेही म्हटलेले आढळते. शास्त्रीय नाव हॉप्लोबॅट्रॅकस टायगेरिनस. भारतीय उपखंडातील सर्वांत मोठ्या बेडकांत त्याची गणना होते आणि पूर्ण वाढ झालेल्या मादीची लांबी, पाय न धरता, सतरा सेंटिमीटरपर्यंत जाऊ शकते. आपण पाहिलेले पिवळे बेडूक हे सर्व नर होते, आणि ज्यांच्यामागे ते धावत होते त्या मोठ्या, मातकट बेडकांत बहुतेक माद्या असणार. मादीला हा पिवळा रंग कधीच येत नाही.

एरवी हा नरही ओळखू येणार नाही असा असतो. शेवाळी हिरवा किंवा तपकिरी रंग, अंगावर गडद डाग, पाठीवर लांबट वळ्या आणि बहुतेक वेळा पाठीच्या मधोमध नाकापासून मागेपर्यंत गेलेली एक फिकट रेघ, असे त्याचे नेहमीचे रूप आहे. उसाच्या सरीत किंवा पाटाच्या कडेला आपण तो शेकडो वेळा पाहिला असेल, फक्त तो हाच असे आपल्या लक्षात आले नसेल. पिवळा रंग विणीच्या एक-दोन दिवसांपुरता असतो. वीण संपली की तो उतरतो आणि नर पुन्हा मळकट होऊन गवतात मिसळून जातो. म्हणजे तिसऱ्या दिवशी आपले बेडूक नाहीसे झाले नव्हते, त्यांनी रंग उतरवला होता, एवढेच.

विषाबद्दल निर्धास्त राहा. भडक रंग म्हणजे विष हा समज दक्षिण अमेरिकेतील लहानशा विषारी बेडकांच्या चित्रांवरून पसरला आहे. आपल्या बुलफ्रॉगला तसे विष नाही. आपल्याकडे अंगणात दिव्याखाली किडे टिपायला येणारा, खरखरीत कातडीचा, काळ्या टोकाच्या फोडांचा जो भेक असतो, त्याच्या डोळ्यांमागे दोन फुगीर ग्रंथी असतात आणि त्यांतून येणारा पांढरा चीक कुत्र्याने तोंड लावल्यास त्याला बाधतो. बुलफ्रॉगला त्या ग्रंथीच नाहीत. गाईंनी पाणी प्यायला काही हरकत नाही. २०२० च्या जुलैत मध्य प्रदेशातील नरसिंगपूरकडचे अशाच पिवळ्या बेडकांचे चित्रण समाजमाध्यमांवर फार फिरले होते आणि तेव्हाही हीच भीती व्यक्त झाली होती, हे अनेकांना आठवत असेल.

आता फुगवट्याचा प्रश्न, आणि माझ्या मते आपल्या तीन शंकांमध्ये हीच सर्वांत महत्त्वाची आहे. या बेडकाला पाणी हवे असते, परंतु बारमाही पाणी नको असते. नांदूरमध्यमेश्वरच्या फुगवट्यात मासे आहेत, विशेषतः चिलापी आहे, आणि उघड्यावर पडलेली अंडी व नुकते बाहेर आलेले बेडूकमासे हे माशांचे आयते खाद्य असते. शिवाय वरच्या अंगाला गंगापूर आणि दारणा धरणांतून पाणी सुटले की फुगवट्याची पातळी वरखाली होते. आज काठाच्या गवतात घातलेली अंडी उद्या खोल पाण्यात जातात किंवा कोरडी पडतात. याउलट आपला खड्डा आठ महिने कोरडा असल्यामुळे त्यात मासा टिकूच शकत नाही. पहिल्या मोठ्या पावसाने तो भरतो, पाणी उथळ असल्यामुळे लवकर तापते, तळाचे कुजलेले गवत भिजून शेवाळ आणि सूक्ष्म जीव भराभर वाढतात. पिलांना असे पाळणाघर सहसा मिळत नाही. ज्या कारणासाठी आपण त्या तुकड्याला निकामी म्हणता, नेमक्या त्याच कारणासाठी बेडकांनी तो निवडला आहे.

फुगवट्याच्या काठावर आपल्याला वर्षभर जे बेडूक दिसतात, पाऊल वाजताच पाण्याच्या पृष्ठभागावरून टप्पे घेत दूर जातात आणि मग नुसते डोळे वर ठेवून तरंगत राहतात, ते वेगळ्या जातीचे आहेत. युफ्लिक्टिस या प्रजातीतील (प्रजाती म्हणजे जवळच्या जातींचा गट) तो बेडूक आकाराने बराच लहान असतो आणि बारमाही पाण्याशी जुळवून घेतो. दोघांचा काठ एक असला तरी संसार वेगळा आहे.

प्राणिशास्त्राचा निवृत्त शिक्षक

वरील उत्तर अचूक आहे. त्यात थोडी भर घालतो, कारण या बेडकाशी माझा संबंध तीस वर्षांचा आहे आणि तो मला फारसा अभिमानास्पद वाटत नाही.

आमच्या पिढीच्या विद्यार्थ्यांनी ज्याला राना टिग्रिना या नावाने ओळखले, तो हाच बेडूक. फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञ दोदँ यांनी १८०२ साली त्याचे वर्णन केले आणि अंगावरील डाग-पट्ट्यांमुळे त्याला वाघाचे नाव दिले. पुढे राना या अवाढव्य प्रजातीची फोड झाली आणि हा हॉप्लोबॅट्रॅकस, म्हणजे सशस्त्र बेडूक, या प्रजातीत गेला. खालच्या जबड्याच्या टोकाला त्याला दातांसारखे दोन उंचवटे असतात. ते खरे दात नव्हेत, जबड्याच्या हाडाचेच ते वाढलेले भाग असतात. भक्ष्य धरून ठेवायला त्यांचा उपयोग होतो, आणि भक्ष्य म्हणजे नुसते नाकतोडे नव्हेत. तोंडात मावेल आणि हालचाल करील ते सर्व हा प्राणी गिळतो: खेकडे, गोम, उंदराची पिल्ले, लहान साप, इतर बेडूक आणि प्रसंगी स्वतःच्याच जातीचे लहान बेडूक. एकदा प्रयोगशाळेत फाडलेल्या बेडकाच्या पोटात मला अर्धवट पचलेली चिचुंद्री सापडली होती आणि त्या दिवशीचा पाठ पचनसंस्थेऐवजी त्या चिचुंद्रीवरच झाला.

रंग कसा बदलतो, हेही सांगण्यासारखे आहे. बेडकाच्या कातडीत रंगपेशींचे थर असतात. वरच्या थरात पिवळे रंगद्रव्य, त्याखाली प्रकाश परावर्तित करणाऱ्या पेशी आणि तळाशी काळे रंगद्रव्य असलेल्या पेशी, अशी साधारण रचना असते. काळे कण पेशीभर पसरले की कातडी गडद दिसते. ते मध्यभागी गोळा झाले की वरचा पिवळा रंग उजळून निघतो. हे संप्रेरकांच्या नियंत्रणाखाली घडते, त्यामुळे त्याला आठवडे लागत नाहीत. गळ्याच्या पिशव्यांचा निळा रंग मात्र रंगद्रव्याचा असण्यापेक्षा कातडीच्या सूक्ष्म रचनेवरून विखुरलेल्या प्रकाशाचा असण्याची शक्यता अधिक, कारण प्राण्यांमध्ये निळे रंगद्रव्य फार क्वचित आढळते. एवढा खटाटोप कशासाठी? अशा जातींमध्ये एका रात्री एका डबक्यात गर्दी उसळते आणि नर हाती लागेल त्याला मिठी मारतो. त्या गोंधळात समोरचा नर आहे की मादी, हे दुरूनच कळले तर वेळ आणि शक्ती वाचते, असे स्पष्टीकरण अभ्यासक देतात. माद्यांना पिवळा नर अधिक आवडतो, असे जे सर्रास लिहिले जाते, त्याबद्दल मी स्वतः जरा हात राखूनच बोलेन.

उरलेले आठ महिने हे बेडूक कोठे असतात, हा प्रश्न आपण विचारला नाहीत, तरी त्याचे उत्तर आपल्या बांधातच आहे. जमीन कोरडी पडू लागली की बुलफ्रॉग ओल टिकून असलेल्या बिळात, दगडांच्या सांदीत, भेगांत किंवा मऊ मातीत शिरतो आणि निपचित पडून राहतो. श्वास आणि रक्ताभिसरण मंदावते. या काळात तो पावसाळ्यात साठवलेल्या चरबीवर जगतो. ज्यांनी महाविद्यालयात बेडूक फाडला असेल त्यांना पोट उघडताच दिसणारे, बोटांसारखे फुटवे असलेले केशरी-पिवळे मेदपिंड आठवत असतील. ती त्याची आठ महिन्यांची शिदोरी असे. आम्ही ती चिमट्याने बाजूला सारायचो आणि विद्यार्थ्यांना म्हणायचो, "हे महत्त्वाचे नाही, खाली वृक्क पाहा."

हे फाडलेले बेडूक कोठून येत, असे कोणी विचारत नसे. पावसाळ्याच्या सुरुवातीला पुरवठादार पोती भरून आणत, म्हणजे ऐन विणीच्या रात्री, ओरडणाऱ्या नरांच्या आवाजाच्या रोखाने जाऊन पकडलेले. विद्यापीठ अनुदान आयोगाने २०११ पासून टप्प्याटप्प्याने आणि २०१४ च्या सूचनांनी प्राणिशास्त्राच्या अभ्यासक्रमातील ही चिरफाड थांबवली. तोपर्यंत माझी निवृत्ती जवळ आली होती.

बागायतदार, पिंपळगाव

सर्वांचे लेखन वाचले. माहिती चांगली आहे, परंतु शेतकऱ्याच्या बाजूनेही कोणी बोलावे म्हणून लिहितो. माझ्या शेततळ्यात मी दोन वर्षांपूर्वी मत्स्यबीज सोडले होते आणि त्यातले बरेचसे या मोठ्या बेडकांनी आणि त्यांच्या पिलांनी फस्त केले, अशी माझी पक्की समजूत आहे. निसर्गाचे कौतुक ठीक आहे, पण पाच-सहा गुंठे म्हणजे आजच्या भावाने थोडीथोडकी जमीन नव्हे. बेडूक काय, रस्त्याच्या कडेच्या चारीतही अंडी घालतील. प्रश्नकर्त्या भाऊंनी विनाकारण भावनेच्या आहारी जाऊन नुकसान करून घेऊ नये, एवढेच माझे म्हणणे आहे.

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे मान्य करतो. माझ्या शेततळ्याला पाचशे मायक्रॉनचा प्लास्टिकचा कागद आहे आणि दर पावसाळ्यात त्यात पडलेले मोठे बेडूक कडेच्या निसरड्या उतारावरून वर येऊ न शकल्यामुळे दमून मरतात. गेल्या वर्षी एकाच सकाळी अकरा मोजले होते. पाणी सडते म्हणून ते काढून टाकावे लागतात. यावर कोणाकडे काही सोपा उपाय असल्यास सांगावा.

पाणथळ निरीक्षक, नाशिक

बागायतदार साहेब, आपला आक्षेप पूर्णपणे चुकीचा नाही, म्हणून त्याला सविस्तर उत्तर देतो.

या जातीचे बेडूकमासे खरोखरच मांसाहारी आहेत. आपल्याकडील बहुतेक जातींची पिल्ले शेवाळ खरवडून किंवा पाण्यातील कण गाळून खातात. बुलफ्रॉगच्या पिलांना मात्र धारदार, दंतुर जबडे असतात आणि ती इतर जातींच्या पिलांची शिकार करतात, डासांच्या अळ्या खातात, आणि डबके आटू लागले की एकमेकांनाही सोडत नाहीत. मादी काही हजार अंडी घालते, ती एक-दोन दिवसांत फुटतात, आणि एवढ्या जिवांना पुरेल एवढे अन्न त्या लहानशा पाण्यात नसते. त्यामुळे भावंडे हेच एकमेकांचे खाद्य होते. ज्याने आपल्या भावंडांना खाल्ले तो लवकर वाढतो, आणि जो लवकर वाढतो तो डबके आटण्यापूर्वी पाय फुटून बाहेर पडतो. हे ऐकायला क्रूर वाटते, परंतु पाण्याचे आयुष्य ठाऊक नसलेल्या जागी पिल्ले वाढवायची तर हिशेब असाच मांडावा लागतो.

हा बेडूक मूळ प्रदेशाबाहेर गेला की काय होते, हे अंदमानात दिसून आले आहे. तेथे तो मूळचा नाही. बहुधा मत्स्यबीजाबरोबर चुकून पोहोचला आणि नंतर बेटांवर झपाट्याने पसरला. तेथील स्थानिक बेडकांची पिल्ले बुलफ्रॉगच्या पिलांबरोबर ठेवून अभ्यासकांनी प्रयोग केले, तेव्हा स्थानिक पिलांपैकी एकही बेडूक होईपर्यंत जगले नाही. मादागास्करमध्येही तो असाच बाहेरून गेलेला आहे. म्हणून माझी येथील सर्वांना विनंती आहे की कौतुकापोटी किंवा डास कमी व्हावेत म्हणून या बेडकाची पिल्ले बादलीतून दुसऱ्या गावी नेऊन सोडू नयेत. नाशिक जिल्ह्यात मात्र तो मूळचाच रहिवासी आहे आणि येथील इतर बेडूक, साप, बगळे हे सर्व त्याच्यासह घडलेले आहेत. त्याला खाणारेही येथे भरपूर आहेत. पाणदिवड, धामण, रातबगळा आणि मुंगूस यांना पावसाळ्यात या बेडकाएवढे मोठे भक्ष्य दुसरे सहजी मिळत नाही.

मत्स्यबीजाविषयी मात्र माझा अंदाज वेगळा आहे. अस्तर लावलेल्या, उभ्या काठांच्या खोल शेततळ्यात हा बेडूक सहसा अंडी घालत नाही. त्याला उथळ कडा आणि गवताच्या काड्या लागतात. आपल्याकडे एखादा मोठा बेडूक अडकून पडला असेल तर तो काही बीज खाईल हे खरे, परंतु सर्व नुकसानीचे खापर त्याच्यावर फोडण्यापूर्वी खंड्या, पाणकावळे आणि पाण्यातील पाणढेकूण यांचाही विचार करावा. उपाय विचारलात तर तो अगदी साधा आहे. चारही कोपऱ्यांत जुने गोणपाट किंवा जाड सुती जाळी काठावर खुंटीला बांधून पाण्यात दोन हात खोलवर सोडून द्यावी. ओल्या गोणपाटावर बेडकाचे पाय धरतात आणि तो स्वतःहून वर चढून येतो. सरडे, खारी आणि धामणीही त्याच वाटेने बाहेर पडतात. खर्च जवळजवळ काहीच नाही.

इगतपुरीचा वाचक

आमच्या घाटमाथ्यावर पाऊस निफाडच्या कितीतरी पट पडतो आणि भातखाचरे भरली की हा आवाज येथे सगळीकडेच असतो, त्यामुळे त्याचे आम्हाला फारसे नवल नाही. प्रश्न एवढाच आहे की काही भागांत लोक हे बेडूक पकडून खातात, असे ऐकले आहे. ते कायद्याने चालते का?

प्राणिशास्त्राचा निवृत्त शिक्षक

चालत नाही. वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ या कायद्याने या बेडकाला संरक्षण आहे आणि त्याला पकडणे, मारणे किंवा विकणे हा गुन्हा आहे. गोव्यात पावसाळ्याच्या पहिल्या रात्री 'जंपिंग चिकन' या नावाखाली जे चालते, त्यावर तेथील वनविभाग दरवर्षी याच कायद्याखाली नजर ठेवतो.

याहून मोठी कथा निर्यातीची आहे. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला भारत हा बेडकांच्या तंगड्या परदेशी पाठवणारा जगातील एक प्रमुख देश होता. एका वर्षात ४,००० टनांहून अधिक तंगड्या बाहेर गेल्याची नोंद आहे, आणि तंगड्या म्हणजे फक्त मागचे पाय, बाकीचा बेडूक टाकून दिला जात असे. त्यांत मोठा वाटा याच जातीचा होता, कारण मांस याच्याच मांडीला असते. एकेका पावसाळ्यात किती जीव गेले असतील, याचा हिशेब वाचकांनीच करावा. १९८५ साली वन्यजीवांच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या साइट्स कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात या जातीचा समावेश झाला आणि १९८७ साली भारताने ही निर्यात बंद केली. त्या वेळी बंदीच्या बाजूने मांडला गेलेला एक प्रमुख मुद्दा शेतीचाच होता: भातशेतीतील बेडूक संपले की किडी वाढतात आणि मग कीटकनाशकांवर परकीय चलन खर्च होते. आज ही जात जागतिक पातळीवर धोक्यात मानली जात नाही, हेही प्रामाणिकपणे सांगायला हवे. परंतु जगाच्या यादीत ती सुरक्षित असली म्हणून आपल्या शिवारातली सुरक्षित आहे, असा त्याचा अर्थ होत नाही.

बागायतदार म्हणतात की बेडूक चारीतही अंडी घालतील. घालतीलच, परंतु चारीला आवर्तन सुटले की ती वाहून जातील, आणि रस्त्याच्या कडेची चारी गाठायची म्हणजे रात्री डांबर ओलांडायचे. पहिल्या पावसाच्या सकाळी सिन्नर-निफाड रस्त्यावर चिरडलेले बेडूक ज्यांनी पाहिले असतील, त्यांना वेगळे सांगायला नको.

पाणथळ निरीक्षक, नाशिक

प्रश्नकर्त्यांच्या व्यवहाराच्या मुद्द्यावर अजून कोणी थेट बोललेले नाही, म्हणून लिहितो. जमीन आपली आहे आणि निर्णय आपलाच राहील. एवढे मात्र लक्षात असू द्यावे की नांदूरमध्यमेश्वरला १९८६ साली अभयारण्याचा दर्जा मिळाला आणि २०१९ साली ते महाराष्ट्रातील पहिले रामसर पाणथळ क्षेत्र (रामसर हा पाणथळ जागांविषयीचा आंतरराष्ट्रीय करार आहे) झाले, तरी त्या सीमेच्या आत जे पाणी आहे ते मुख्यतः पक्ष्यांच्या आणि माशांच्या सोयीचे आहे. बुलफ्रॉगसारख्या जीवांचे पाळणाघर त्या सीमेबाहेर, तुमच्या-आमच्या पडीक तुकड्यांत, खाणींत आणि बांधकोपऱ्यांत आहे. रामसर कराराची पाणथळ जागेची व्याख्यासुद्धा कायमच्या पाण्याबरोबर तात्पुरते पाणी आणि नैसर्गिक जागेबरोबर मानवनिर्मित जागा धरते. त्या व्याख्येत आपला वीटभट्टीचा खड्डा बसतो.

भराव टाकायचाच असेल, तर निदान काळ तरी निवडावा. आत्ता पाण्यात पिल्ले आहेत. त्यांना पाय फुटून बाहेर पडायला साधारण महिना ते दीड महिना लागतो. उन्हाळ्यात भराव टाकला तर भेगांत झोपलेले मोठे बेडूक जागीच गाडले जातात. म्हणजे खरे पाहता त्या तुकड्यावर जेसीबी चालवण्यासाठी बेडकांच्या दृष्टीने योग्य असा महिनाच नाही. दोन गुंठ्यांचा सर्वांत सखल कोपरा राखून उरलेला भाग भरणे, हा एक मधला मार्ग आहे. राखलेल्या कोपऱ्याचा काठ उतरता ठेवावा, त्यात मासे सोडू नयेत आणि बागेवर फवारणी केलेल्या पंपाची टाकी तेथे धुऊ नये. बेडकाची कातडी पाणी शोषणारी असते. तो तोंडाने पाणी पीत नाही, कातडीतून घेतो, आणि पाण्यात जे मिसळले असेल तेही त्याच वाटेने आत जाते.

गोदाकाठचा शेतकरी (प्रश्नकर्ता)

उत्तर द्यायला उशीर झाला, याबद्दल क्षमस्व. टोमॅटोच्या लागवडीची धांदल होती. सर्वांचे मनापासून आभार, आणि पिंपळगावच्या बागायतदारांचे विशेष, कारण त्यांनी मांडलेला हिशेब घरी माझ्या भावानेही शब्दशः तसाच मांडला.

झाले ते असे. जेसीबीवाल्याला मी दिवाळीनंतर ये म्हणून सांगितले. मधल्या काळात रोज सकाळी खड्ड्यावर जाण्याचा नाद लागला. पहिल्या आठवड्यात पाणी काळ्या ठिपक्यांनी नुसते वळवळत होते. दुसऱ्या आठवड्यात ठिपके कमी झाले आणि आकाराने मोठे झाले, आणि सरांनी व निरीक्षकांनी सांगितले नसते तर मी समजलो असतो की पिल्ले मरून गेली. एका सकाळी एका पिलाने दुसऱ्याला शेपटीकडून धरलेले स्पष्ट दिसले. जून संपताना दहा-बारा दिवस पावसाने ओढ दिली आणि पाणी घोट्याएवढे राहिले. तेव्हा मी बोअरवेलचे पाणी दोन तास सोडले. हे योग्य केले की निसर्गात ढवळाढवळ केली, हे मला ठरवता आलेले नाही. तेवढ्या दिवसांत दोन बगळे तेथेच मुक्कामाला होते आणि त्यांनी आपला वाटा घेतला.

काल, नागपंचमीच्या आदल्या दिवशी, बांधावरच्या हरळीत अंगठ्याच्या नखाएवढे बेडूक उड्या मारत होते. काहींची शेपटी अजून पुरती गळालेली नव्हती. पाठीवरची फिकट रेघ मात्र आताच स्पष्ट दिसते. मोजण्याचा प्रयत्न केला. साठपर्यंत मोजले आणि पुढे चुकलो. धाकट्या मुलीने एक तळहातावर घेतला होता, तो तिने परत गवतात सोडला.

कोपरा किती राखायचा, यावर भावाशी अजून बोलणे चालू आहे. तो एक गुंठा म्हणतो, मी तीन म्हणतो. बागायतदार साहेब, गोणपाटाचा उपाय आपण करून पाहिलात का, आणि त्याचा उपयोग झाला का, हे कळवावे. आमच्या चुलत्यांच्या शेततळ्यालाही तोच कागद आहे.

बागायतदार, पिंपळगाव

करून पाहिला. चार कोपऱ्यांत चार पोती बांधली आहेत. गेल्या तीन आठवड्यांत मेलेला एकच बेडूक सापडला, तोही पंपाच्या फूटव्हॉल्व्हच्या जाळीत अडकलेला. परवा सकाळी एका पोत्यावर एक भला मोठा बेडूक अर्धा पाण्यात आणि अर्धा बाहेर असा बसला होता. मी जवळ गेलो तरी हलला नाही. मत्स्यबीज या वर्षी सोडलेले नाही, त्यामुळे त्या बाबतीत माझे मत अजून बदललेले नाही. भावाला दोन गुंठ्यांवर आणा.